मदत हवी आहे : फ्लडलाइटचा उजेड आभाळात जाऊ नये म्हणून काय करावं?
कोथरूडमधल्या आमच्या सोसायटीच्या गच्चीच्या कठड्यावर १०० वॅटचे, ६५०० केल्विनचे (म्हणजे थंड पांढऱ्या उजेडाचे) चार एलईडी फ्लडलाइट आहेत. त्यांची तोंडं जवळपास आडवी, त्यामुळे बराच उजेड पार्किंगऐवजी आभाळात जातो. पूर्वी इथूनच कृत्तिकांचे सहा तारे मोजायचो. आता मृगाचा पट्टा तेवढा दिसतो. फार वाईट वाटतं.

दिवे बंद करा असं मी म्हणत नाही. चोरीची भीती खरी आहे, ज्येष्ठांना जिन्यापाशी उजेड हवाच. ब्रॅकेट वाकवून पाहिले, गंजल्यामुळे फारसे वळत नाहीत. रात्री अकरानंतरचा टायमर कमिटीने नाकारला. पेंच व्याघ्र प्रकल्पाला २०२४ मध्ये देशातलं पहिलं डार्क स्काय पार्क (रात्रीचं आभाळ काळोखं राखलेली जागा) जाहीर झालं, त्यासाठी आसपासच्या गावांतले दिवे बदलले, हेही सांगितलं. उत्तर आलं, "ते जंगल आहे हो."

तापकीर गल्लीतल्या विजेच्या दुकानांत विचारलं, तर जो तो थंड पांढराच दिवा पुढे करतो. मला ३००० केल्विनचे, पिवळसर उजेडाचे हवेत. पुढच्या महिन्यात वार्षिक सभा आहे, बजेट दहा हजार.

आहे त्याच दिव्यांवर पत्र्याचं झाकण कुणी बसवून घेतलंय का? त्याने दिवा तापून लवकर जातो का? आणि पुण्यात हे काम कोण करून देईल?