मदत हवी आहे: ४० लाखांचं गृहकर्ज शेवटी पडतं कितीला?

नमस्कार मंडळी. फोंड्यात टू-बीएचके बघितलाय. यंदा चवथीची माटोळी (गणपतीवर टांगतात ती फळा-पानांची आरास) नव्या घरात, असं आईनं ठरवूनही टाकलं! कर्ज ४० लाख, २० वर्षं, ८.५ टक्के, बदलता दर. हप्ता ३४,७१३. बँकेतला माणूस हप्त्यापलीकडे बोलेना, म्हणून रात्री एक्सेल उघडलं आणि झोप उडाली. एकूण परतफेड ८३ लाखांच्या वर! पहिल्या हप्त्यातले २८,३३३ नुसतं व्याज, मुद्दल फिटणार जेमतेम ६,३८०. मुदत १५ वर्षं केली तर हप्ता ३९,३९०. व्याज साधारण १२ लाखांनी वाचतं, पण दर महिन्याला ओढाताण.

बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड नाही, एवढं ठाऊक आहे. मग २० वर्षंच घेऊन दरवर्षीचा बोनस मुद्दलात टाकावा का? टाकल्यावर हप्ता कमी करून घ्यायचा की मुदत? ऑफिसातल्या एकाचा दर वाढला तेव्हा हप्ता तसाच राहिला, मुदत मात्र गुपचूप लांबली. त्याला वर्षभरानं कळलं.

शिवाय राहत्या घराच्या व्याजावरची २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीतच मिळते, मी नव्या प्रणालीत. तेवढ्यासाठी मागे फिरावं का? कर्ज निम्म्यावर आणलेल्यांनी जरा आकड्यांसकट सांगा.