मारणारा आणि वाचलेली बाई एकाच फोटोत, पटतं का?

तलावपाळीकर: पनवेल-ठाणे लोकलमध्ये पीटर ह्यूगो या फोटोग्राफरचे आफ्रिकेतल्या रवांडाचे फोटो बघत बसलो, ऐरोली कधी गेलं कळलंच नाही. २०१४ चे, तिथल्या नरसंहाराला वीस वर्षं झाली तेव्हाचे. दरेकात दोघंच, १९९४ मध्ये ज्याने मारलं किंवा घर लुटलं तो, आणि त्यातून वाचून त्याला माफ करणारी व्यक्ती, बहुतेकदा बाईच. काही जोड्या खांद्यावर हात टाकून, काहींमध्ये अंतर. शंभर दिवसांत आठ लाखांच्या आसपास माणसं गेली, मारणारे बरेचदा शेजारीच, आणि नंतर राहायचं पण त्याच गावात, तिथे असा एक फोटो शंभर भाषणांना भारी आहे.

सुमा_वाशी: अजिबात पटलं नाही. या जोड्या एका संस्थेच्या कार्यक्रमातून आल्यात, कित्येक महिने समुपदेशन, मग रीतसर माफी, मारणारा टोपलीत खाणं आणि ज्वारीची नाहीतर केळ्याची बिअर घेऊन येतो. चांगलंय, पण जी म्हणाली नाही करणार माफ, तिचा फोटो कुठाय? आपण ट्रेनमध्ये हळवे होणार आणि ती बिचारी हट्टी ठरणार.

तलावपाळीकर: ताई मुद्दा बरोबर, पण मग काढूच नयेत का?

घणसोलीचा_बंड्या: काढा की, पण समेटाच्या कामाला जुंपू नका. फोटो म्हणजे पुरावा, बास. कंबोडियात तुओल स्लेंग तुरुंगात ख्मेर रूजवाल्यांनी, म्हणजे सत्तरच्या दशकातल्या तिथल्या क्रूर राजवटीने, स्वतःच्या फायलींसाठी कैद्यांचे फोटो काढले, आज तेच त्यांच्याविरुद्ध भिंतीवर आहेत. २०२१ मध्ये एका कलाकाराने त्यात रंग भरले आणि काही चेहऱ्यांवर चक्क हसू चढवलं!! तिथल्या सरकारने आक्षेप घेतला, मग वेबसाइटवरून उतरवले. बघणाऱ्याला बरं वाटावं म्हणून करायला गेलं की हेच होतं.

सुमा_वाशी: बंड्या +१. आणि लांब कशाला, गुजरातमधल्या २००२ च्या दंगलीच्या फोटोतला हात जोडलेला शिंपी आठवा, त्या फोटोपायी नोकऱ्या गेल्या असं त्यानेच सांगितलंय.

तलावपाळीकर: हो, पण तोच शिंपी आणि दुसऱ्या गाजलेल्या फोटोतला सळी उगारलेला माणूस २०१४ मध्ये केरळात एका स्टेजवर आले, हे पण सांगा ना. फोटो नसते तर कोण कुणाला ओळखत होतं

मुंब्र्याची_पोर: मघापासून वाचतेय. आमचं घर ९३ च्या दंगलीनंतर मुंब्र्यात आलं, तेव्हा बरीच आली तसंच. अल्बम जुन्या खोलीतच राहिला. रवांडाच्या राजधानीत, किगालीच्या नरसंहार स्मारकात एक खोली आहे, घरच्यांनी दिलेले साधे फोटो तारांवर लावलेत. मला तसला हवाय. माफीबिफी नंतर बघू, आधी अब्बांच्या दुकानाचा एखादा फोटो कुणाकडे असेल तर द्या.

घणसोलीचा_बंड्या: दुकान कुठे होतं? माझे काका तेव्हा लालबागला स्टुडिओत होते, निगेटिव्ह अजून ट्रंकेत पडल्यात.