सेट पण स्वतःचा, रोल पण स्वतःचा: जपानी दिग्दर्शक-नट शिन्या त्सुकामोतोचं तुम्हाला पटतं का?

निळाई: माझं मत स्पष्ट आहे, सेट लावणाऱ्यानेच त्यात अभिनय केला तर सिनेमाला वेगळीच धार येते. त्सुकामोतोचा 'टेत्सुओ' (१९८९) बघा. ६७ मिनिटांचा, ब्लॅक अँड व्हाइट, १६ एमएमच्या छोट्या फिल्मवर काढलेला, टोकियोतल्या एका नोकरदार माणसाचं अंग हळूहळू लोखंडाचं होत जातं. लेखन, दिग्दर्शन, एडिटिंग, कलादिग्दर्शन सगळं त्सुकामोतोचं आणि सिनेमात स्वतःच्या मांडीत लोखंड खुपसून घेणारा दुसरा माणूसही तोच. त्यामुळे ते भंगार आणि त्यातली माणसं वेगळी काढताच येत नाहीत. आणि ही सवय जुनी आहे त्याची, कायज्यू थिएटर नावाचा त्याचा नाटकाचा ग्रुप होता, पाठीतून विजेचा खांब उगवलेल्या पोराचं नाटक त्यांनी केलं, प्रयोग संपले तरी सेट मोडवेना म्हणून तिथेच सिनेमा काढला! १९८८ ला जपानच्या पिया फिल्म फेस्टिव्हलमध्ये तो सिनेमा पहिला आला.

रात्रपाळी: नाही पटलं. पैसे नव्हते म्हणून केलं, त्याला तत्त्व कशाला बनवायचं? अकिरा कुरोसावा ह्या जपानी दिग्दर्शकाचा 'रान' (१९८५) घ्या, कलादिग्दर्शनात योशिरो मुराकी. फुजी पर्वताच्या उतारावर किल्ला उभारला आणि खरंच जाळला. त्यातला मुख्य नट तात्सुया नाकादाई त्या आगीतून पायऱ्या उतरत बाहेर येतो तेव्हा त्याला फक्त चालायचंय, ज्वाळांचा हिशोब दुसऱ्या कोणीतरी ठेवलाय. ती मोकळीक नटाला मिळालीच पाहिजे, नाहीतर लक्ष निम्मं खिळ्यांकडेच.

वाचक_पुणे: दोघांनाही एक विचारतो, केई फुजिवाराचं नाव कसं नाही आलं? 'टेत्सुओ'त नायकाची मैत्रीण ती, त्सुकामोतोबरोबर कॅमेरा सांभाळणारीही तीच, आणि बरंचसं शूटिंग तिच्याच घरात झालंय. एकट्याने केलं म्हणून कौतुक करताना बरोबर राबलेले लोक गायब होतात, आणि हे मला फार खटकतं. आपल्याकडे एकांकिका केलेल्या कुणालाही विचारा, सेटच्या चौकटी उचलणारा आणि संवाद म्हणणारा बऱ्याचदा एकच असतो पण श्रेय ग्रुपचं असतं.

निळाई: फुजिवाराबद्दल शंभर टक्के बरोबर, पण त्याने माझा मुद्दा पक्काच होतो ना, तीही दोन्हीकडे होती.

रात्रपाळी: मग 'सायलेन्स' (२०१६) चं काय करायचं? हॉलीवूडच्या मार्टिन स्कॉर्सेसीने त्सुकामोतोला मोकिची ह्या ख्रिस्ती गावकऱ्याचा रोल दिला, सेट कलादिग्दर्शक दान्ते फेरेत्तीचे, ह्याने एक खिळासुद्धा ठोकायचा नव्हता. समुद्रात क्रुसावर बांधलेला, अंगावर लाटा येतायत आणि हा गातोय, त्याचं त्याहून चांगलं काम मी पाहिलेलं नाही.

निळाई: काम अप्रतिम आहे, वादच नाही. पण त्याआधी दोनच वर्षं स्वतःच्या 'नोबी' ह्या युद्धपटात हा माणूस दिग्दर्शन आणि कॅमेरा सांभाळून उपाशी सैनिक म्हणून जंगलात फिरत होता. लाटेखाली शरीराने काय करायचं हे त्याला कळलं ते अशा कामातूनच, असं मला वाटतं. तुम्ही म्हणता ती मोकळीक नाकादाईला उपयोगी पडली असेल, ह्याला नसती पडली.