हंसा वाडकर यादीत का नाहीत?

गिरगावचा_चाळकरी
दादरच्या आमच्या वाचनगटात जुन्या नट्यांच्या आत्मचरित्रांवर बोलायचं ठरलंय. लीला चिटणीसांचं ‘चंदेरी दुनियेत’ आणि दुर्गाबाई खोट्यांचं पुस्तक लगेच यादीत आलं. हंसा वाडकरांच्या ‘सांगत्ये ऐका’वर मात्र फुली! का, तर बाईंनी नुसतं सांगितलं, शब्दांकन अरुण साधूंचं. १९७० साली मराठी नटीने दारू, संसाराचा विचका, परपुरुषाबरोबर निघून जाणं, हे आडपडदा न ठेवता छापू दिलं. ती लेखिका नाही म्हणे.

पार्लेकर
फुली मारणारा मीच. बाईंच्या धाडसाला सलाम, पण धाडस म्हणजे लेखन नव्हे. काय आधी सांगायचं, कुठे थांबायचं, वाक्य कसं तोडायचं, ही खरी मेहनत. साधू म्हणजे ‘मुंबई दिनांक’ लिहिणारा माणूस, त्याचं श्रेय कुठे गेलं? माझ्या आजीच्या आठवणी मी उतरवून काढल्या तर आजी लेखिका होणार का?

मालाडची_मावशी
होऊ दे की! बहिणाबाईंना कुठे लिहिता येत होतं? सोपानदेवांनी टिपून ठेवलं. त्यांना कवयित्री म्हणताना तुमची जीभ अडखळत नाही ना?

आणखी एक. १९३९ साली आमच्या मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये दोघीही होत्या: लीलाबाई ‘कंगन’मध्ये, हंसाबाई ‘नवजीवन’मध्ये. लीलाबाई पदवीधर. हंसाबाई, म्हणजे मूळच्या रतन साळगावकर, जेमतेम सोळाच्या, आणि घर चालवायला लहानपणापासूनच कॅमेऱ्यासमोर. वही घेऊन बसायची चैन तिला कधी मिळाली? सिनेमात सगळ्या प्रतिष्ठित घरांतून आल्या नव्हत्या. तुमच्या नियमाने यादीत फक्त शिकलेल्या घरच्या बायका उरतात.

पार्लेकर
मावशी, ओवी तोंडातूनच रचून बाहेर पडते. जात्यावरच ती पूर्ण झालेली असते. आठवणींचं तसं नसतं, त्या पसरलेल्या असतात आणि कुणीतरी त्या लावाव्या लागतात. शिक्षणाचा मुद्दा मान्य, पण गैरसोय झाली म्हणून लेखकपण बहाल करायचं, ही दया झाली.

सेकंड_शो
याच पुस्तकावरून निघालेला ‘भूमिका’ सिनेमा बघा, विषय संपला. स्मिता पाटीलला राष्ट्रीय पुरस्कार उगाच नाही मिळाला.

गिरगावचा_चाळकरी
संपला कसा? ‘भूमिका’ बेनेगलांची, १९७७ची. त्यातली उषा म्हणजे हंसाबाई जशाच्या तशा नव्हेत. उलट लोक सिनेमा बघतात आणि पुस्तक वाचल्याच्या थाटात बोलतात.

पार्लेकर, दया नको, वाचूनच बोलू. ज्याच्याबरोबर निघून गेली त्याच्या मराठवाड्यातल्या घरात कोंडल्यासारखी राहिलेली बाई स्वतःची कीव करत नाही. चूक झाली तिथे चूक म्हणते आणि पुढे जाते. हा सूर साधूंनी आणला म्हणता? मग त्यांच्या कादंबऱ्यांत तो दाखवा. मला तरी तिथे सापडत नाही.

पार्लेकर
सुराचं म्हणणं बिनतोड नाही, पण दुर्लक्ष करण्यासारखंही नाही. चांगल्या शब्दांकनकाराचं कसबच हे, की त्याचा स्वतःचा आवाज ऐकू येत नाही. म्हणून तर म्हणतो, त्याला श्रेय द्या.

मालाडची_मावशी
द्या ना, कोण अडवतंय? दोघांचंही नाव लिहा.

पार्लेकर
दोन्ही नावं एकाच टायपात असतील तर फुली काढतो. साधूंचं बारीक केलंत, तर चर्चेच्या दिवशी पहिल्या रांगेत बसून भांडेन.

गिरगावचा_चाळकरी
बसा. प्रत मात्र येताना घेऊन या, माझी कुणीतरी नेलेली परत आलेली नाही.