हार्ट्स ऑफ ओक: आधी पोबिमान की आधी संघ?

रात्रपाळी (धागाकर्ते)

घानाच्या फुटबॉलबद्दल मराठीत फार कोणी लिहीत नाही, म्हणून हा धागा. विषय आहे घानाची राजधानी आक्रा इथला हार्ट्स ऑफ ओक, आणि पोबिमानला उभं राहणारं त्यांचं सराव केंद्र. 11 नोव्हेंबर 1911 ला स्थापन झालेला, घानात आजही खेळत असलेल्या क्लबांमधला जुन्यातला जुना.

ज्यांना काहीच माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. 1977 आणि 1979 अशा दोन्ही वेळा आफ्रिकेतल्या विजेत्या क्लबांच्या चषकाच्या अंतिम फेरीत हरले, आधी गिनीच्या हाफियाकडून, मग कॅमेरूनच्या युनियन दुआलाकडून. 1997 ते 2002 सलग सहा वेळा घानाची लीग. 2000 साली सेसिल जोन्स अट्टुक्वायेफिओ या प्रशिक्षकाच्या हाताखाली लीग, एफए कप आणि आफ्रिकेची चॅम्पियन्स लीग, तिन्ही एकाच वर्षी. त्या संघाला लोक '64 बटालियन' म्हणत, लष्कराच्या एका कमांडो तुकडीवरून. अंतिम फेरीत ट्युनिसच्या एस्पेरान्सला त्यांच्या घरी 2-1 आणि आक्रात 3-1. पुढे 2004 च्या पहिल्यावहिल्या कॉन्फेडरेशन कपच्या अंतिम सामन्यात कट्टर वैरी असांते कोटोकोला कुमासीत, म्हणजे त्यांच्याच अंगणात, पेनल्टीवर 8-7 असं हरवलं.

मग घसरगुंडी. 2009 ची लीग जिंकली आणि त्यानंतर बारा वर्षं लीग नाही. 2011 मध्ये क्लबने एक सेडीला (घानाचं चलन) एक या दराने लोकांना शेअर विकायला काढले, प्रतिसाद यथातथाच. बहुतांश मालकी आली तोग्बे अफेडे चौदावे यांच्याकडे. हे असोग्लीचे पारंपरिक राजे, शिवाय येलमध्ये शिकलेले गुंतवणूक बँकर. 2020 मध्ये आक्राच्या वेशीवर पोबिमानला तुर्की कंपनीकडून सराव मैदानं, वसतिगृह आणि अकादमीचं काम सुरू केलं. 2021 मध्ये सॅम्युएल बोआडू यांनी मार्चमध्ये संघ हातात घेतला आणि ऑगस्टपर्यंत लीग आणि एफए कप दोन्ही आणले.

माझं म्हणणं असं: 2021 चे दोन कप ही पुनर्बांधणी नव्हतीच, ती नशिबाची साथ होती. खरी पुनर्बांधणी म्हणजे पोबिमान. 2000 च्या पराक्रमातून क्लबने मागे काय ठेवलं? स्वतःचं मैदान नाही, अकादमी नाही, पैसा नाही. आफ्रिकेचा विजेता संघ भाड्याच्या मैदानांवर सराव करत फिरला. आता निदान जमीन आहे. एकहाती मालक असला म्हणून बिघडलं कुठे? थांबायची तयारी हवी.

दोनापावला

असहमत. आणि जरा जास्तच असहमत.

64 बटालियन कुठल्या वसतिगृहातून बाहेर पडली होती? सॅमी अजेई गोलमध्ये, जेकब नेट्टी कर्णधार, पुढे इश्माएल अडो, ओसेई कुफूर, चार्ल्स टेलर. ही पोरं काही वर्षं एकत्र राहिली, एका माणसाच्या हाताखाली राहिली, म्हणून जिंकली. ट्युनिसच्या संघाकडे तेव्हाही चांगली मैदानं होती, तरी आक्रात शेवटच्या काही मिनिटांत त्यांनी तीन गोल खाल्ले.

आता 2021 नंतरचं बघा. ज्या बोआडूंनी दोन कप आणले, 2022 मध्ये पुन्हा एफए कप आणला, त्यांना त्याच सप्टेंबरमध्ये नारळ दिला. मग सर्बियाचे स्लावको मॅटिच, त्यांना समर्थकांनीच सरावाच्या मैदानावरून पिटाळलं. मग डच कूपमन, मग औत्तारा. 2024 चा मोसम संपत आला तरी पदावनतीची टांगती तलवार होतीच. तीन वर्षांत विजेत्यापासून इथपर्यंत. कसली पुनर्बांधणी? हा विटांचा ढीग आहे.

शेअरखाते

दोनापावला, तुम्ही मालकाची बाजू सोडूनच दिलीत. 2011 ला शेअर विकायला काढले तेव्हा 'आमचा क्लब, आमचा क्लब' म्हणणारे किती जण पैसे घेऊन पुढे आले? घानाभर समर्थकांच्या शाखा आहेत, त्यांची राष्ट्रीय समिती आहे, दर रविवारी घोषणा आहेत. पण भागभांडवल म्हटल्यावर गर्दी पांगली. मग ज्याने पैसे घातले तो निर्णय घेणार. यात वाईट काय?

कोर्ले_लगून

वाईट हे की त्याला जाब विचारणारा कोणी उरत नाही. मी आक्रात नोकरीनिमित्त राहिलो आहे, त्यामुळे थोडं सांगतो. हार्ट्स हा मुळात जेम्सटाउन, बुकोम, त्या किनाऱ्यावरच्या गा लोकांचा क्लब. मासे धुरावणाऱ्या बायका, बॉक्सिंगचे आखाडे आणि सामन्याच्या दिवशी भिंतीवर वाळत घातलेले लाल-पिवळे-निळे झेंडे, अशी ती वस्ती. मालक व्होल्टा भागातले, एवे जमातीचे. याबद्दल कुजबुज असतेच, पण मला ती महत्त्वाची वाटत नाही, जिंकताना कोणी जात काढत नाही. माझा मुद्दा वेगळा आहे. संचालक मंडळ, व्यवस्थापन आणि प्रशिक्षक यांच्यात नक्की कोणाचं चालतं, हे बाहेरच्या माणसाला कधी कळत नाही. 2017 मध्ये अमेरिकन लीगचा अनुभव असलेले मार्क नूनन मुख्याधिकारी म्हणून आणले. अंब्रोचे कपडे आले, सगळं चकाचक झालं. ते गेले, तशी ती घडीही मोडली.

'हाडं कुजेपर्यंत हार मानायची नाही' असं या क्लबचं ब्रीद आहे. समर्थकांनी ते पाळलं, व्यवस्थापनाला दर सहा महिन्यांनी नवा प्रशिक्षक लागतो.

शेअरखाते

कोर्ले, नूनन यांच्या वेळी घानात फुटबॉल तरी चालू होतं का? 2018 मध्ये अनास या शोधपत्रकाराने पंचांना आणि पदाधिकाऱ्यांना पैसे घेताना छुप्या कॅमेऱ्यात पकडलं. महासंघाचे अध्यक्ष न्यान्टाक्यी गेले, लीग अर्धवट बंद पडली. 2019 ला तात्पुरत्या समितीने एक विशेष स्पर्धा भरवली. 2019-20 चा मोसम कोरोनाने रद्द. म्हणजे लागोपाठ तीन मोसम धड लीग नाही. तिकीट नाही, प्रायोजक नाही, खेळाडू विकावेत तर दाखवणार कुठे? तरीही 2020 च्या फेब्रुवारीत त्या माणसाने पोबिमानची कुदळ मारली. अशा वेळी खिशात हात घालणारा दुसरा कोण होता ते सांगा.

जुना_गोलकीपर

या सगळ्यात 9 मे 2001 चा उल्लेख कोणीच केला नाही याचं आश्चर्य वाटतं. हार्ट्सची उतरण 2009 ला सुरू झाली असं मला मुळीच वाटत नाही.

आक्रा स्टेडियम, हार्ट्स विरुद्ध कोटोको. कोटोको 1-0 ने पुढे, शेवटी हार्ट्सचे दोन गोल. कोटोकोच्या काही लोकांनी खुर्च्या तोडून मैदानात फेकल्या. पोलिसांनी सरळ प्रेक्षकांत अश्रुधूर सोडला. माणसं जिन्यांकडे धावली आणि खालची दारं बंद. 126 जण गेले, बहुतेक गुदमरून. चौकशी आयोगाने पोलिसांना दोष दिला, सहा अधिकाऱ्यांवर खटला चालला आणि ते सुटले.

माझा राग कशावर आहे ते नीट सांगतो. याच स्टेडियममध्ये पाच महिनेही झाले नव्हते, डिसेंबर 2000 मध्ये, एस्पेरान्सविरुद्धच्या अंतिम सामन्यात अश्रुधुरामुळे खेळ थांबला होता. हार्ट्स जिंकले, शहर नाचलं आणि तो धूर सगळे विसरले. त्या दिवशी कोणी विचारलं असतं की खचाखच भरलेल्या स्टँडमध्ये अश्रुधूर का, दारांच्या किल्ल्या कोणाकडे, तर मे महिन्यात काय झालं असतं? धागाकर्ते म्हणतात 2000 च्या पराक्रमातून मैदान आणि अकादमी उरली नाही. मी म्हणतो, साधी दक्षता उरली नाही.

स्टेडियमबाहेर ब्राँझचा पुतळा आहे, एक समर्थक दुसऱ्याला उचलून नेतोय. पोबिमानच्या बातम्या वाचताना मला तो पुतळा दिसतो. घरातलं माणूस परत आलं नाही अशा किती कुटुंबांनी नंतर तिकीट काढलं असेल?

रात्रपाळी

गोलकीपर, दुर्घटनेचं दुःख मान्य, पण क्लबच्या घसरणीचं कारण म्हणून ते टिकत नाही. 2001 आणि 2002 ची लीग त्यांनीच जिंकली, 2004 चा कॉन्फेडरेशन कपही. प्रेक्षक आटले ते नंतर, आणि त्यात मोठा वाटा शनिवार-रविवारी टीव्हीवर दिसणाऱ्या इंग्लिश लीगचा. आक्रातल्या दुकानात चेल्सीचा शर्ट मिळतो, हार्ट्सचा शोधावा लागतो.

खेळाडूंचंही तेच. अडो, कुफूर परदेशी गेले. चार्ल्स टेलर तर कोटोकोकडे गेला, म्हणजे अजून बोलतात लोक त्यावर. प्रशिक्षक टिकवा, संघ टिकवा, हे बोलायला सोपं. टिकवायला पगार लागतो, पगाराला उत्पन्न लागतं, उत्पन्नासाठी खेळाडू घडवून विकावे लागतात, त्यासाठी अकादमी. म्हणून पोबिमान आधी.

दोनापावला

अकादमीचं उदाहरण शेजारीच आहे ना राव! आबिजानचा असेक मिमोझा. 1993-94 च्या सुमारास ज्याँ-मार्क गियू या फ्रेंच प्रशिक्षकाने तिथे अकादमी काढली. 1999 ला त्या कोवळ्या पोरांनी आफ्रिकन सुपर कपमध्ये एस्पेरान्सला 3-1 हरवलं. कोलो तूरे, याया तूरे, झोकोरा, सालोमन कालू, जेर्विन्हो, एबुए, सगळे तिथलेच. पुढे गियूचं आणि क्लबचं फाटलं, गियू बेल्जियमच्या बेव्हरेन क्लबमध्ये गेले आणि पोरांचा तांडाच्या तांडा मागोमाग तिकडे गेला. आयव्हरी कोस्टला सोन्यासारखी पिढी मिळाली. असेकला? 1998 नंतर चॅम्पियन्स लीग नाही. म्हणजे जगातली उत्तम अकादमी असूनही क्लब आफ्रिकेच्या शिखरावर परतला नाही.

शेअरखाते

असेक बहुतेक वर्षी स्वतःच्या देशात वरच्या स्थानांवर असतो. हार्ट्सला तेवढं जमलं तरी मी नारळ फोडेन.

सुपारीबाग

एन्यिंबा विसरलात. नायजेरियातलं आबा. 2003 आणि 2004 सलग दोन चॅम्पियन्स लीग. मागे कोण? आबिया राज्याचं सरकार, गव्हर्नर ऑर्जी उझोर कालू. राज्याच्या तिजोरीतून क्लब मोठा झाला, गोलमध्ये व्हिन्सेंट एनयेआमा उभा राहिला. नायजेरियाची लीग नऊ वेळा. पण आफ्रिकेची चॅम्पियन्स लीग 2004 नंतर नाही. सरकारी पैसा हा एका गव्हर्नरच्या उत्साहाइतकाच टिकाऊ.

अवांतर: आपल्याकडे पश्चिम आफ्रिकेचे खेळाडू पाहूनच आमची पिढी फुटबॉल शिकली. महिंद्र युनायटेडला घानाचा युसिफ याकुबू, डेम्पोला रँटी मार्टिन्स, चर्चिलला ओडाफा. महिंद्रने 2010 मध्ये संघच बंद केला. 2016 ला डेम्पो, साळगांवकर, स्पोर्टिंग आय-लीगमधून बाहेर पडले. मालकाच्या मर्जीवर चालणारा क्लब मालकाच्या मर्जीने थांबतो, हे मुंबई-गोव्याच्या माणसाला वेगळं सांगायला नको.

रात्रपाळी

सुपारीबाग, म्हणूनच तर जमीन हवी. मालक गेला तरी पोबिमान राहील. महिंद्रने मागे काय ठेवलं होतं?

कोर्ले_लगून

आता या धाग्यात कोणी न काढलेला मुद्दा काढतो. हार्ट्स आणि कोटोको दोघांनाही मागे टाकून घानात सध्या कोण जिंकतंय? 2023 ला तार्क्वाचा मेदेआमा. 2024 ला सामरेबोईचा सामार्टेक्स. 2025 ला बिबियानी गोल्ड स्टार्स. पहिलं आणि तिसरं सोन्याच्या खाणींचं गाव, दुसरं लाकूड कारखान्याचं. सामार्टेक्स तर थेट त्या कारखान्याच्याच नावाचा. लहान गाव, ठरलेला पैसा, घरचं मैदान आणि हरल्यावर तिसऱ्या दिवशी प्रशिक्षकाच्या दारात हजारो माणसं नाहीत. बोआडूसुद्धा मेदेआमातूनच आलेले.

त्यामुळे मला धागाकर्त्यांचा आणि दोनापावलांचा वाद अर्धवट वाटतो. हार्ट्सकडे दोन्ही गोष्टी आल्या, मैदान आणि चांगला प्रशिक्षक, तरी दोन वर्षं सलग शांतता मिळणार नाही. मोरोक्कोच्या वायदादविरुद्धचं 2021 आठवा. आक्रात 1-0 जिंकले, कॅसाब्लांकात 6-1 हरले. मग अल्जीरियाच्या सौरा क्लबविरुद्ध घरी 2-0 जिंकून तिकडे 4-0 हरले. त्या दोन पराभवांनी बोआडूंच्या विरोधात जी हवा तापली ती कधी थंड झालीच नाही. त्याआधी पाचच महिने हाच माणूस कोटोकोला 1-0 हरवून लीग खेचून आणत होता.

दोनापावला

कोर्ले, मग हे माझ्याच बाजूचं झालं. प्रशिक्षकाला किमान तीन मोसमांचा करार आणि त्याला काढायचा अधिकार मालकाकडे न ठेवता मंडळाच्या मतदानाकडे. पोबिमानच्या एका इमारतीच्या खर्चात हे होतं.

शेअरखाते

आणि मंडळ कोण नेमतं?

दोनापावला

तेच तर म्हणतोय. लोकांनी आता तरी शेअर घ्यावेत.

शेअरखाते

2011 पासून वाट बघतोय, राव.

जुना_गोलकीपर

शेअर विकायचेच असतील तर पहिल्या पानावर स्टेडियमच्या दारांची व्यवस्था छापा. मग मी घेईन.