'हार्डबॉइल्ड'ला मराठीत काय म्हणाल?

अमेरिकन डिटेक्टिव्ह कथा लिहिणाऱ्या डॅशिएल हॅमेटवर छोटा लेख लिहितेय आणि पहिल्याच ओळीत अडकलेय. 'हार्डबॉइल्ड कादंबरीकार', म्हणजे रोखठोक, भावना न दाखवणाऱ्या गुन्हेगारी गोष्टी लिहिणारा. शब्दशः बघितलं तर घट्ट उकडलेलं अंडं, तसं लिहिलं तर लोक हसतील. 'कठोर' म्हणावं तर कठोर शाळेतले मास्तरपण असतात. सुचवा ना काहीतरी.

—

कोडगा?

—

छे, कोडग्याला कितीही बोला, लाजच वाटत नाही. हॅमेटच्या डिटेक्टिव्हला सगळं लागतं, तो फक्त दाखवत नाही. 'बनेल' पण नको, त्यात लबाडी आली.

—

माझं मत निबर. भेंडी झाडावर जास्त दिवस राहिली की निबर होते बघा, तसं. हॅमेट 1915 मध्ये पिंकर्टन ह्या खासगी डिटेक्टिव्ह एजन्सीत लागला तेव्हा जेमतेम 21 वर्षांचा, शाळा कधीच सुटलेली, काम काय तर पाळत ठेवायची नि लोकांच्या मागे फिरायचं, मग महायुद्धात लष्करात गेला तिथे फ्लू झाला, वर क्षय, तब्येतीने ते काम सुटलं म्हणून लिहायला बसला. 1923 मध्ये 'ब्लॅक मास्क' मासिकात त्याचा डिटेक्टिव्ह, कॉन्टिनेंटल ऑप आला. ऑप म्हणजे ऑपरेटिव्ह, एजन्सीतला साधा शब्द. बुटका, जाडा, चाळिशीच्या आसपासचा नोकरदार. आपल्या बाबूराव अर्नाळकरांचे झुंजार, काळापहाड, नावातच दरारा, आणि ह्याला शेवटपर्यंत नावच नाही!

—

'मुरलेला' कसं वाटतं?

—

ताई, मुरतं ते लोणचं, त्याची चव वाढते. निबर होताना चव जाते. तोच फरक आहे.

अवांतर, पण शब्दांवरच चाललंय म्हणून. 'माल्टीज फाल्कन'मध्ये (पुस्तक 1930चं, आधी मासिकात क्रमशः) डिटेक्टिव्ह सॅम स्पेड एका पिस्तूलवाल्या पोराला 'गन्सेल' म्हणतो. मूळ यिडिश शब्दाचा अर्थ हंसाचं पिल्लू, आणि गुन्हेगारांच्या बोलीत पुरुषाने ठेवलेला पोरगा. 'ब्लॅक मास्क'चे संपादक कॅप्टन शॉ अश्लील शब्द कापायचे, पण त्यात 'गन' ऐकू आली, वाटलं बंदूकवाला असेल, जाऊ दिला म्हणतात. गंमत म्हणजे पुढे लोकांनी तो शब्द बंदूकवाला ह्याच अर्थाने वापरला आणि आता डिक्शनरीत दोन्ही अर्थ सापडतात. चुकून झालेला अर्थ पण अर्थच की.

—

भारी! पण निबरला माझी एक हरकत. आमच्याकडे निबर भाजी गुरांपुढे टाकतात. आणि हॅमेट स्वतः निबर होता का? 1934च्या 'थिन मॅन'नंतर त्याची एकही कादंबरी आली नाही, आणि 1951 मध्ये कोर्टाने कम्युनिस्ट नेत्यांना जामीन देणाऱ्या निधीला पैसे देणाऱ्यांची नावं विचारली तर सांगितली नाहीत, 57व्या वर्षी क्षयाने पोखरलेल्या छातीनिशी तुरुंगात गेला. ह्याला आमच्या गावात चिवट म्हणतात.

—

मग सोपं आहे, लेखक चिवट आणि गोष्टी निबर. ताई, 'कादंबरीकार'च्या आधी काही लावूच नका, 'निबर भाषेतल्या गुन्हेगारी कथा लिहिणारा' म्हणा.

—

हे जमतंय, थँक्यू. पहिल्यांदा एकदा हार्डबॉइल्ड लिहिते, पुढे सगळीकडे निबर. अंड्याचा विषय बंद 😄