यवन : बखरीतले कोण आणि लेण्यातले कोण?

कानामात्रा :
माहेरच्या कपाटात एक जुनी बखर सापडली, सध्या ती वाचतेय. तिच्यात पानोपानी यवन आहेत आणि ते उघडच मुसलमान आहेत. लेकीच्या इतिहासाच्या पुस्तकात मात्र यवन म्हणजे ग्रीक. तिनं विचारलं, "आई, मग शिवाजी महाराज ग्रीकांशी लढले का?" हसले खरी, पण उत्तर देता येईना. शब्द मुळात कुणाचा? ग्रीक लोक स्वतःला यवन म्हणवून घ्यायचे का? आणि तसं असेल तर 'ग्रीक' कुठून उपटलं?

उगाच :
संस्कृतात उत्तरं आयती तयार आहेत. 'यु' म्हणजे मिसळणे, त्यावरून मिसळलेले ते यवन. रामायणात वसिष्ठांच्या गाईच्या योनीतून यवन निघतात. महाभारतात ते तुर्वसूचे वंशज. हवं ते घ्या.

ताम्रपट :
उगाचराव, ही तर नुसतं नाव ऐकल्यावर मागाहून जुळवलेली गोष्ट. शब्द बाहेरून आला, कानाला ओळखीचा वाटेना, म्हणून त्याला घरचा धातू चिकटवला.

कानामात्राताई, लेकीचा प्रश्न फर्स्टक्लास आहे. काही ग्रीक स्वतःला तसं म्हणवून घ्यायचे, सगळे नव्हे. आजच्या तुर्कस्तानच्या पश्चिम किनाऱ्यावर मिलेटस, इफेसस ही ग्रीकांची शहरं होती. तिथल्या शाखेचं नाव आयोनियन, होमरच्या इलियड या महाकाव्यात 'इआओनेस'. पूर्वेकडून येणाऱ्याला ग्रीक म्हणून पहिल्यांदा भेटायचे ते हेच. इ.स.पू. ५४६ च्या सुमारास इराणच्या सायरसनं शेजारचं लिडियाचं राज्य घेतलं आणि त्यापाठोपाठ ही शहरंही त्याच्या अमलाखाली आली. पुढचा इराणी सम्राट दारयवहू (डरायस) याच्या शिलालेखांत ग्रीकांना 'यौन' म्हटलंय. हिब्रूत 'यावान'. म्हणजे मुंबईत एकेकाळी दक्षिणेकडचा दिसला की 'मद्रासी', तसंच हे.

त्या इराणी साम्राज्याचं एक टोक आयोनियात आणि दुसरं गांधारात. शब्द आतल्या आत इकडून तिकडे पोचला, त्याला अलेक्झांडरची वाट बघायची गरज नव्हती. पाणिनीला 'यवनानी' हे रूप माहीत आहे, आणि कात्यायन त्यावर सांगतो की ही यवनांची लिपी. प्राकृतात 'योन' झालं. गिरनारच्या शिलालेखात अशोक शेजारच्या राजाचं नाव देतो ते 'अंतियको योनराजा' असं. हा सीरियाचा अँटिओकस.

आता गंमत 'व'ची. क्रीट बेटावर क्नोसॉसला सापडलेल्या मातीच्या पाटीवर 'इ-जा-वो-ने' अशी अक्षरं आहेत. म्हणजे फार जुन्या ग्रीकमध्ये या नावात 'व' होता. पुढे आयोनियन बोलीतून तो पार गळला. संस्कृत 'वेद' म्हणजे 'मला माहीत आहे', त्याचा ग्रीक भाऊ 'ओइदा'. आधी तो 'वोइदा' होता. ग्रीकांनी आपल्याच नावातला व टाकून दिला, शेजाऱ्यांनी मात्र तो जपून ठेवला. 'यवन' हे त्यांच्या 'इओनेस'पेक्षा जुन्या उच्चाराच्या जवळचं आहे.

माळशेज :
पुस्तकं राहू द्या, कार्ल्याला जा. चैत्यगृहात शिरलं की खांबांवर बोटभर उंचीची ब्राह्मी अक्षरं दिसतात. मोबाईलचा टॉर्च समोरून मारू नका, बाजूनं तिरका धरा; मगच सावली पडते आणि 'धेनुकाकटा यवनस' वाचता येतं. शेवटी 'थंबो दानं'. धेनुकाकट गावच्या यवनानं हा खांब दिला, विषय संपला. असे एकाहून अधिक खांब आहेत. जुन्नरच्या लेण्यांत चिट नावाच्या यवनानं भिक्षूंसाठी भोजनमंडप दिलाय, इरिल नावाच्या यवनानं पाण्याची टाकी. नाशिकला पांडवलेण्यांतलं १७ नंबरचं लेणं योणक (म्हणजे यवनच) इंद्राग्निदत्ताचं. बापाचं नाव धर्मदेव!

आणि त्याच पांडवलेण्यांत, ३ नंबरच्या लेण्यात, गौतमी बलश्री आपल्या मुलाचं, सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीचं, कौतुक करते : 'सकयवनपल्हवनिसूदनस'. शक, यवन, पल्हव यांचा निःपात करणारा. एकाच डोंगरावर यवनांना मारल्याचा अभिमानही कोरलाय आणि यवनाचं दानही कोरलंय.

उगाच :
इंद्राग्निदत्त, बापाचं नाव धर्मदेव, आणि हा ग्रीक? माझाही आडनावभाऊ असेल.

माळशेज :
कार्ल्याच्या एका खांबावरचा यवन तर 'सिहधय', म्हणजे सिंहध्वज. म्हणून वाद आहेच : हे जन्मानं ग्रीक, की पिढ्यान्‌पिढ्या इथं राहून इथलेच झालेले, की नुसते पश्चिमेशी व्यापार करणारे? मला विचाराल तर इथं 'यवन' हे रक्तापेक्षा ओळखीचं नाव झालंय. आपल्याकडे कोल्हापूर सोडून चार पिढ्या झाल्या तरी 'कोल्हापूरकर' राहतोच ना माणूस.

कानामात्रा :
लेणी यादीत टाकली. पण मग ते सगळे मिळून स्वतःला काय म्हणायचे?

ताम्रपट :
हेलेनेस, आणि देश हेलास. तेही सुरुवातीपासून नाही. इलियडमध्ये हेलास हा उत्तरेकडचा, थेसलीतला एक लहानसा मुलूख, अकिलीसच्या राज्याचा भाग. सैन्याला होमर एकत्रितपणे अखायी, दानाई, आर्गाइव्ह अशी नावं देतो. इ.स.पू. पाचव्या शतकातल्या थ्युसिडिडीसनंच हे हेरून ठेवलंय : होमरला सगळ्यांसाठी 'हेलेनेस' हे नाव ठाऊक नव्हतं, कारण तोवर ते 'सगळे' असे झालेच नव्हते. इतिहासकारानं शब्दावरून इतिहास काढायचा तो असा.

'ग्रीक' ही रोमनांची देणगी, लॅटिन 'ग्रेकी'. ॲरिस्टॉटल म्हणतो की वायव्य ग्रीसमधल्या डोडोनाच्या आसपासच्या लोकांना पूर्वी 'ग्राइकोइ' म्हणत. पूर्वेला यवन, पश्चिमेला ग्रीक, घरात हेलेनेस.

खापरतुकडा :
उशिरा आलो, पण माझा लाडका शब्द राहिलाय : 'बासिलेउस', म्हणजे राजा. निदान शाळेत तसं शिकवतात.

पायलॉस हे दक्षिण ग्रीसमधलं गाव. तिथला राजवाडा इ.स.पू. १२०० च्या आसपास जळाला. हिशेबाच्या पाट्या कच्च्या मातीच्या होत्या, एरवी विरघळून गेल्या असत्या. आगीत भाजून निघाल्या म्हणून हाती लागल्या. १९५२ मध्ये मायकेल व्हेंट्रिसला ती लिपी उलगडली आणि आतली भाषा ग्रीक निघाली. मजकूर म्हणाल तर आपल्या तलाठी दप्तरासारखा : मेंढ्या किती, तेल किती, कुठल्या लोहाराला (खरं तर तांबटाला) कांसं किती दिलं. त्यात राजा आहे 'वा-ना-का', म्हणजे वानाक्स. आणि 'क्वा-सि-रे-उ', जो पुढे बासिलेउस झाला, तो कांसं घडवणाऱ्यांच्या टोळीवरचा मुकादम, फार तर गावचा म्होरक्या!

मग राजवाडे पडले. वानाक्स गेला, कारकून गेले, लिहिणंच बंद झालं, ते इ.स.पू. आठव्या शतकाच्या सुमारास फिनिशियनांकडून अक्षरं उसनी घेईपर्यंत. राजा उरला नाही, पण गावचा म्होरक्या होता तिथंच होता. लोकांना मोठा माणूस म्हणून तोच दिसला. होमरपर्यंत येता येता बासिलेउस हा मानाचा शब्द झालाय. वानाक्सचा 'अनाक्स' होऊन तो काव्यात आणि देवांच्या बिरुदात उरला (तुमचा व इथंही गळला, ताम्रपट). राजवाडा पडून गावगाडा टिकला की काय होतं, हे या दोन शब्दांत दिसतं.

पुढे याच बासिलेउसचं इकडे काय झालं? वायव्य भारतातला यवन राजा मिनँडर, त्याच्या चांदीच्या नाण्यावर एका बाजूला ग्रीक : 'बासिलेओस सोतेरोस मेनांद्रू'. पलटलं की खरोष्ठी लिपीत 'महरजस त्रतरस मेनंद्रस'. तांबटांचा मुकादम आपल्या हद्दीत येईतो महाराज झाला. मिनँडर म्हणजे बौद्ध ग्रंथांतला मिलिंद, डॉ. आंबेडकरांनी औरंगाबादच्या कॉलेजला नाव दिलं ते याचंच.

अवांतर : ग्रीक जे समुद्राला 'थालास्सा' म्हणतात, तो शब्द त्यांचा नाही. कोरिंथ या शहराच्या नावातला 'इंथ', पार्नासस या डोंगराच्या नावातला 'अस', न्हाणीच्या टबाला असलेला 'असामिंथोस', ही सगळी आधीच्या लोकांची भाषा. आले तेव्हा तिथं कुणीतरी राहत होतं, न्हात होतं. आपण अडकित्ता कानडीतून घेतला तसंच.

उगाच :
आणि 'यवनिका'? ग्रीक नाटकाचा पडदा म्हणून सांगतात.

खापरतुकडा :
ग्रीक रंगमंचावर तसला पडदाच नव्हता, त्यामुळे जपून. यवनांकडचं कापड असेल फार तर. शिवाय 'जवनिका' असंही रूप सापडतं, म्हणजे तिथं वेगळीच भानगड.

ताम्रपट :
बखरीचं राहिलं. वायव्येकडून ग्रीक यायचे थांबले, पण शब्द मोकळा राहिला. पुढे पश्चिमेकडून जो परका सत्ताधारी आला त्याला तो लागला. शिवकाळात रघुनाथपंडितांच्या राज्यव्यवहारकोशात 'यवनवचन' येतं ते फारसी शब्दांबद्दल. म्हणजे ज्या इराणनं हे नाव पसरवलं, त्याच इराणच्या भाषेला शेवटी ते चिकटलं. आज लिहिताना मी तरी 'यवन' फक्त प्राचीन ग्रीकांसाठी वापरतो. बखरीतला उतारा देताना कंसात अर्थ द्यावा.

कानामात्रा :
लेकीला सगळं सांगितलं. तिचा पुढचा प्रश्न : ग्रीक आपल्याला काय म्हणायचे?

ताम्रपट :
'इंदोइ'. सिंधूचं इराण्यांनी 'हिंदु' केलं, तेच त्यांनी ऐकलं. पण आयोनियनांच्या तोंडात 'ह'सुद्धा टिकत नसे. स्वतःच्या नावातला व टाकला तसा आपल्यातला ह टाकला. 'इंडिया' आली ती तिथून.